राखून ठेवलेला निकाल

"लिहा," बाईसाहेब म्हणाल्या, आणि नेहमीप्रमाणे थांबल्या. "त्याआधी. या प्रकरणात तुमचं कुणी?"

हा प्रश्न त्या दर वेळी विचारत. सरकारी नोकरांच्या बढत्यांचे तंटे ज्या न्यायाधिकरणात चालतात तिथल्या त्या अध्यक्ष, आणि समोर वही उघडून बसलेली ती त्यांची लघुलेखिका. सुनावणी संपून निकाल राखून ठेवला, की तो जाहीर होईपर्यंत जगात फक्त या दोघींना ठाऊक असतो. म्हणून निकाल सांगायला सुरुवात करण्याआधी हा प्रश्न. जेवायला बसण्याआधी हात धुवावेत तसा.

"नाही," ती म्हणाली.

खरंच होतं ते. अर्जदारांच्या नावांत तिच्या नवऱ्याचं नाव नव्हतं.

हे खोडा.

खरं नव्हतं ते. नाव नव्हतं, पण नवरा होता.

पाणीपुरवठा खात्याची मीटर तपासायची कार्यशाळा. तिथे पर्यवेक्षकाच्या जागा रिकाम्या पडल्या, भरती होईना, तेव्हा खात्याने काही जुन्या तंत्रज्ञांना उचलून त्या खुर्च्यांवर बसवलं. आदेशात शब्द होता 'तात्पुरती बढती'. तात्पुरती म्हणता म्हणता माणसांचे केस पिकले. आता कायम बढत्या द्यायची वेळ आली, तर खात्याने काखा वर केल्या. म्हणे ती वर्षं मोजायची नाहीत, ज्येष्ठता आजपासून. म्हणजे मधल्या काळात थेट भरतीने आलेली पोरं या सगळ्यांच्या डोक्यावर.

काही जण भांडायला न्यायाधिकरणात आले. बाकीचे कुंपणावर बसले. हे जिंकले तर आपलंही होईल, हरले तर निदान साहेबांच्या डोळ्यांवर तरी आलो नाही. तिचा नवरा कुंपणावरचा. कार्यशाळेत त्याला 'तात्पुरते साहेब' म्हणत. तोंडावर. तोही हसून ओ देई.

नवा परिच्छेद.

बाईसाहेब चालत चालत सांगत. टेबलापासून कपाटापर्यंत, कपाटापासून खिडकीपर्यंत, हात पाठीशी, डोळे अर्धे मिटलेले. विरामचिन्हंसुद्धा त्याच आवाजात. खिडकीपाशी थांबल्या की शेवट जवळ आला, हे तिला इतक्या वर्षांत पाठ झालं होतं.

त्या खिडकीपाशी थांबल्या.

"सबब, स्वल्पविराम, नियमांबाहेर दिलेल्या तात्पुरत्या बढतीचा काळ ज्येष्ठतेसाठी धरता येणार नाही, पूर्णविराम. नवा परिच्छेद. अर्ज फेटाळण्यात येत आहे, पूर्णविराम."

तिच्या पेन्सिलीने 'फेटाळण्यात येत आहे' एका झटक्यात लिहिलं. वरून खाली येणारी तिरपी रेघ, शेवटी मासोळीची शेपटी. ही खूण पुस्तकातली नव्हती. ज्या मास्तरांच्या क्लासात ती लघुलेखन शिकली, त्यांनी स्वतःच्या डोक्याने काढलेली. मास्तर गेले, क्लास बंद झाला, आणि ती खूण लिहिणारी या शहरात आता ती एकटीच उरली होती.

वाचणारे मात्र दोघं होते.

"वाचून दाखवा."

तिने वाचून दाखवलं. आवाज कुठे हलला नाही. वही कपाटात गेली, कुलूप लागलं, किल्ली बाईसाहेबांच्या पर्समध्ये. निकाल जाहीर व्हायचा होता सोमवारी. आणि आज होता मंगळवार.

नवा परिच्छेद.

त्या क्लासात दोघं एकाच बाकावर बसत. ती मिनिटाला एकशेवीस शब्दांपर्यंत पोचली, तो ऐंशीवर अडकला, आणि अडकल्या जागेवरून तिच्याकडे बघत बसला. शेवटी त्याने लघुलेखन सोडलं, पाना हातात घेतला, मीटरच्या कार्यशाळेत लागला आणि तिच्याशी लग्न केलं. अजूनही घरात तो तिला 'एकशेवीस' म्हणतो आणि ती त्याला 'ऐंशी'. सासूबाईंना वाटतं हे वजनावरून आहे.

तिला एक खोड होती. कानावर पडेल ते तिचं बोट लिहून काढी. रेडिओवरच्या बातम्या मांडीवर, शेजारणीचं गाऱ्हाणं कठड्यावर, सासूबाईंचे टोमणे पोळपाटावर. डोकं भलतीकडे असलं तरी बोट आपलं काम करी. कान आणि बोट यांच्या मधे ती स्वतः कुठे नव्हतीच.

म्हणून त्या संध्याकाळी जेवताना तिने डावा हात मांडीखाली घातला आणि उजव्या हाताला रिकामं ठेवलं नाही. घास संपला की भांडं, भांडं ठेवलं की डाव, डाव ठेवला की पुन्हा घास.

"काय एकशेवीस, आज तोंडात मिठाची गुळणी?" नवरा म्हणाला.

"दमलेय."

"त्या खिडकीवाल्या बाईने दमवलं असेल."

"तिचं नाव काढलंस ते बरं झालं," सासूबाई म्हणाल्या. "अगं, रोज तिच्या समोर बसतेस. विचार की एकदा, माझ्या पोराचं काय करणार आहेस म्हणून."

"आई, असं विचारत नाहीत," ती म्हणाली.

"का? तोंड नाही तुला?"

"आई, हिला या भानगडीत ओढू नकोस," नवरा म्हणाला. "तिची नोकरी जाईल."

"आणि तुझी राहील?"

आठवडाभर घरात हीच चर्चा होती. खात्याने नवा फासा टाकला होता. शुक्रवारी कचेरी बंद व्हायच्या आत जो हमीपत्र देईल, की जुन्या वर्षांवर माझा हक्क नाही, त्याला कायम बढती. यादीच्या तळाशी, पण कायम. जो देणार नाही त्याने निकालाची वाट बघावी. निकाल बाजूने लागला तर सगळी वर्षं पदरात. विरुद्ध लागला तर खुर्ची खाली करायची, निळा डगला चढवायचा, आणि ज्या पोराला पाना धरायला शिकवला त्याला साहेब म्हणायचं.

"मी सही करणार नाही," नवरा म्हणाला. जरा मोठ्यानेच. "इतकी वर्षं त्या खुर्चीवर मी काय माशा मारल्या? हमीपत्र कसलं, माफीनामा आहे तो."

"दे टाळी," सासूबाई म्हणाल्या. "तुझे वडीलही असेच. ताठ कणा आणि रिकामा खिसा."

"निकाल आपल्याच बाजूने लागणार. वकील म्हणत होता, नव्वद टक्के."

"उरलेले दहा कुठे राहतात, त्यांचा पत्ता घेतलास का?"

तो हसला. तीही हसायला गेली, हसताना तिचा कोपर लागला आणि भांडं कलंडलं. टेबलावर पाणी पसरलं. फडकं आणायला उठावं म्हणून तिने हात टेकला.

"लागणारच," नवरा पुन्हा म्हणाला. "निकाल काय म्हणेल? सांग ना आई, काय म्हणेल?"

आणि तिने खाली पाहिलं तेव्हा बोट थांबलेलं होतं. लिहून झालं होतं. सांडलेल्या पाण्यातून तिरपी रेघ ओढली गेली होती, कोरड्या फळीवर उतरली होती, आणि शेवटी मासोळीची शेपटी होती. ओली, चकचकीत, दिव्याखाली.

नवरा तिकडेच बघत होता.

मग त्याने सदऱ्याच्या बाहीनेच टेबल पुसलं. सावकाश, कडेपर्यंत.

"पाणी सांडलंय," तो म्हणाला.

"दिसतंय ते आम्हाला," सासूबाई म्हणाल्या. "फडकी काय पूजेला ठेवलीत?"

हे खोडा.

त्याने वाचलं नाही. क्लास सोडून किती वर्षं झाली. ऐंशीवर अडकलेला माणूस. त्याला दिसलं ते पाणी.

बुधवारी ती हेच स्वतःला वाचून दाखवत राहिली. सकाळी त्याने दाढी केली, शीळ घातली, डबा विसरला आणि परत येऊन घेऊन गेला. वाचलं असतं तर शीळ घातली असती का? की वाचलं म्हणूनच घातली? आंघोळीला जाताना तो दारात घुटमळला तेव्हा तिने बोटं पदराआड घेतली. त्याने फक्त साबण मागितला.

विचारायची सोय नव्हती. 'तू वाचलंस का' असं विचारणं म्हणजेच 'तिथे काहीतरी लिहिलेलं होतं' असं सांगणं. आणि त्याने वाचलं नसेल, तर त्याला सांगण्यासारखं तिच्यापाशी काही असता कामा नये. वाचलं असेल तर तो सही करील, सुटेल, आणि ती चोर ठरेल. वाचलं नसेल तर ती स्वच्छ राहील आणि तो बुडेल. ती कचेरीत दुसऱ्याच कुणाच्या पेन्शनचा निकाल लिहून घेत होती आणि मनात एकाच वेळी दोन्हींसाठी हात जोडत होती.

"आज मागे पडताय," बाईसाहेब म्हणाल्या.

तिला असं कुणी कधी म्हटलं नव्हतं.

गुरुवारी संध्याकाळी नवऱ्याने जेवताना कार्यशाळेतला किस्सा सांगितला. एका ग्राहकाने मीटर उलटा बसवला होता, त्यामुळे आकडे मागे मागे जात होते. "तसा एक मीटर माझ्या नोकरीला बसवलाय," तो म्हणाला. सासूबाई खो खो हसल्या. तिने त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं. तो तिच्या हाताकडे बघत होता.

नवा परिच्छेद.

शुक्रवार. सकाळ. तो दारात बसून बुटाची नाडी बांधत होता. सासूबाई आत न्हाणीघरात, पाण्याचा आवाज मोठा.

"आज शेवटचा दिवस," ती म्हणाली.

"हं."

"सही?"

"नाही."

तिचा जीव भांड्यात पडला. पडल्या पडल्या ते भांडं फुटल्यासारखंही वाटलं.

"नीट विचार केलास ना?"

त्याने नाडी सोडली आणि पुन्हा बांधायला घेतली. "मंगळवारीच केला होता. दुपारी हमीपत्र भरून डब्याच्या पिशवीत ठेवलं होतं. सही तेवढी बाकी."

"पण तू तर आईंसमोर..."

"आईसमोर छाती काढतोच मी. लहानपणापासून. आतून पार हातपाय गळाले होते. पन्नाशीला आल्यावर त्या पोराच्या हाताखाली बसायचं, नाही जमणार मला. ठरवलं होतं, जेवण झाल्यावर तुला सांगू, बुधवारी देऊन टाकू. गेली ती वर्षं, गेली. उरलेली तरी नीट जातील."

"मग दिलं का नाहीस?"

त्याने मान वर केली. "मग तू लिहिलंस."

न्हाणीघरातलं पाणी थांबलं. दोघंही थांबले. पुन्हा सुरू झालं.

"मास्तरांची मासोळी," तो म्हणाला. "ती कोण विसरेल? त्या एका खुणेपायी मी दोनदा नापास झालोय."

"अरे, मग तर द्यायलाच हवं होतंस! तुला कळलं होतं ना!"

"कळलं म्हणून तर. बघ. आठवडाभर सगळ्यांसमोर नाही नाही म्हणणारा माणूस अचानक सही करतो. सोमवारी निकाल विरुद्ध लागतो. आणि त्याची बायको कुठे कामाला? शाळेतलं पोरही जोडेल. तुझी नोकरी जाईल, वर अब्रू."

"आणि कुणी नाही जोडलं तर?"

"मी जोडलंय ना." तो उभा राहिला. "मी घाबरून सही करत होतो तेव्हा ती भीती माझी होती, घरची. आता केली तर ती चोरीची. आणि पुढच्या बढतीला तुझा नंबर आहे. घरात एकाने तरी कायम व्हावं."

तो हसला, पिशवी उचलली आणि गेला. पिशवीतलं हमीपत्र त्याने फाडलं नसावं. तो कागद फाडणाऱ्यांतला नव्हता.

वाचून दाखवा.

तो बुडण्यातून वाचणार होता. स्वतःच्या अकलेने, स्वतःच्या भित्रेपणाने, कुणाचंही काही न घेता. तिच्या बोटाने त्याला धरून पुन्हा आत ढकललं.

पूर्णविराम.

नवा परिच्छेद.

"बाईसाहेब, मंगळवारचा निकाल बाहेर गेला."

बाईसाहेब फाईल वाचत होत्या. चष्मा काढला. "कुणाकडून?"

"माझ्याकडून."

"कुणाला सांगितलंत?"

"सांगितलं नाही. लिहिलं गेलं. टेबलावर, बोटाने, सांडलेल्या पाण्यात. माझ्या नवऱ्याला ती खूण वाचता येते. तो त्याच कार्यशाळेत आहे. अर्जदार नाही, पण निकाल त्यालाही लागू होतो."

"मी तुम्हाला विचारलं होतं."

"हो. मी नाही म्हणाले."

"का?"

याचं उत्तर तिने येताना रस्त्यात तीन-चार तऱ्हांनी तयार केलं होतं. त्यातलं एकही आता तोंडात येईना. "हो म्हटलं असतं तर तुम्ही दुसऱ्या कुणाला बोलावलं असतं," ती म्हणाली. "मला ऐकायचं होतं."

हे तिलाही आत्ताच कळलं.

बाईसाहेब उठल्या. टेबलापासून कपाट, कपाटापासून खिडकी. खिडकीपाशी बराच वेळ पाठमोऱ्या उभ्या राहिल्या. खाली रस्त्यावर कुणीतरी गाडी मागे घेत होतं, दुसरा कुणी 'येऊ द्या, येऊ द्या' म्हणत होता.

"ते हमीपत्राचं आलंय माझ्या कानावर. त्याने सही केली?"

"नाही. त्यामुळेच केली नाही."

"हं." पुन्हा रस्त्याचा आवाज. "आज दुसरी लघुलेखिका रजेवर आहे. हे तुमच्याविरुद्धचं आहे. लिहून घ्याल?"

तिने वही उघडली. "घेईन."

"लिहा. कार्यालयीन ज्ञापन, नवी ओळ. राखीव निकालाची गोपनीयता राखण्यात कसूर केल्याबद्दल, स्वल्पविराम, तसेच हितसंबंध लपवल्याबद्दल, स्वल्पविराम, आपणाविरुद्ध विभागीय चौकशी का करण्यात येऊ नये, स्वल्पविराम, याचा खुलासा सादर करावा, पूर्णविराम. नवा परिच्छेद. चौकशी पूर्ण होईपर्यंत आपला पदोन्नतीचा प्रस्ताव थांबवण्यात येत आहे, पूर्णविराम." त्या थांबल्या. "वेग जास्त होतोय?"

"नाही."

"पुढील आदेशापर्यंत आपण जुन्या कागदपत्रांच्या कक्षात काम करावे, पूर्णविराम." मग त्याच आवाजात, तिच्याकडे न बघता, "हे लिहू नका. इतकी वर्षं मला तुमच्यासारखं कुणी मिळालं नाही."

पेन्सिल हवेत थांबली. बोट मात्र थांबलं नाही. वहीच्या कडेला त्याने तेही उमटवलं.

नवा परिच्छेद.

दुपारच्या सत्रात बाईसाहेबांनी कोर्टात जाहीर केलं की या प्रकरणातल्या राखीव निकालाची गोपनीयता राहिलेली नाही, तो रद्द समजावा. प्रकरण दुसऱ्या पीठापुढे जाईल आणि सुनावणी पहिल्यापासून होईल. दोन्ही बाजूंचे वकील एकदमच उभे राहिले. एकाने फाईल आपटली.

ती मागच्या भिंतीला टेकून उभी होती. समोरच्या बाकावर अर्जदारांतला सगळ्यात म्हातारा बसला होता, छत्री गुडघ्यांत धरून. पुढची सुनावणी होईतो तो निवृत्त होणार होता. त्याने वळून पाहिलं आणि तिला विचारलं, "बाई, म्हणजे आमचं काय हो झालं?" तू हरला होतास, आणि आता हरलेला नाहीस, एवढंच झालं. पण हे ती त्याला कधीच सांगू शकणार नव्हती. तिने दोन्ही हात पाठीमागे भिंतीवर घट्ट दाबून धरले. "पुन्हा ऐकणार आहेत, बाबा," ती म्हणाली.

मग व्हरांड्यात येऊन तिने नवऱ्याला फोन लावला. तिकडे इतका गोंगाट होता की तो ओरडूनच बोलत होता.

"अगं, इथे तमाशा चाललाय! निकाल रद्द झाला म्हणे, तुझ्याच कोर्टात. वकिलाचा फोन आला. सगळे कुंपणावरून धडाधड उड्या मारतायत. नव्या निकालाची वाट किती वर्षं बघायची, म्हणून सही करायला रांग लागलीय, दारापर्यंत!"

"मी सांगितलं त्यांना. बाईसाहेबांना."

गोंगाट तसाच होता.

"काय केलंस हे?" तो म्हणाला. आता हळू.

"ती मासोळी आता कशाचीच नाही. एका बाईसाहेबांचं मत होतं, ते खोडलं गेलं. पुढचे साहेब उलटंही म्हणतील. तुला माहीत आहे ते आता निरुपयोगी आहे, ऐंशी. तू पुन्हा मंगळवार दुपारच्या जागेवर आलास."

"तुझं काय?"

"ज्ञापन दिलंय. मीच लिहून घेतलं. बढती थांबलीय."

"मग मी आता सही केली, तर तुझ्यावर आणखी येईल. नवऱ्याचा फायदा करून दिला म्हणतील."

"म्हणतील."

"चौकशीत विचारतील."

"विचारतील. मंगळवारी दुपारीच भरलं होतं, म्हणून सांग. खरं आहे ते."

"विश्वास ठेवतील?"

"नाही ठेवणार."

"मग?"

"मग काय. जे म्हणतील ते मी लिहून घेईन."

तिने कान फोनला दाबून धरला. तिकडे कुणीतरी ओरडत होतं, साहेब निघाले, आटपा, आटपा. खुर्ची सरकल्याचा आवाज आला. पिशवीची चेन उघडल्याचा आला. तिच्या मोकळ्या हाताचं बोट व्हरांड्याच्या कठड्यावर आवाजामागे आवाज टिपत होतं. तिने त्याला टिपू दिलं.

"अरे, जरा सरका," तो फोनपासून तोंड बाजूला करून म्हणाला. "आणि पेन द्या कुणीतरी."